एका वृक्षमंडूकाची हकीकत

बेडूक हा आजच्या भाषणाचा विषय ऐकून आपणांपैकीं कांहींजणांनीं नाक मुरडलें असेल. त्याचें मला नवल वाटत नाहीं. आपल्या भाषेनें या प्राण्याला फारसा मान दिलेला नाहीं. ज्याची दृष्टि आखूड तो कूपमंडूक. आणि बैलाएवढें होण्याच्या हव्यासानें फुगून फुटलेली बेडकी तर आपण लहानपणींच गोष्टींत वाचलेली असते. आपल्या प्राचीनांनीं मात्र या प्राण्याकडे अधिक कौतुकानें पाहिलें. ऋग्वेदाच्या सातव्या मंडलांत बेडकांवर एक सबंध सूक्त आहे. वर्षभर गप्प बसलेले बेडूक पाऊस येतांच बोलूं लागतात, आणि गुरूचें बोलणें शिष्यानें मागून म्हणावें तसें एकाचें बोलणें दुसरा पुन्हां म्हणतो, असें वर्णन त्यांत केलें आहे. शाळामास्तराला हा दृष्टान्त आवडावा हें स्वाभाविकच आहे. बेडकाच्या हांकेला दुसऱ्या बेडकाचें उत्तर मिळतें, एवढी गोष्ट त्यांतली आपण ध्यानांत ठेवावी. पुढें तिचें काम पडणार आहे.

बेडकाचा जीवनक्रम शाळेंत शिकवितांना फळ्यावर चार चित्रें काढण्याचा परिपाठ आहे. पाण्यावर तरंगणारीं अंडीं, शेपटीचा बेडूकमासा, पाय फुटलेलें पिल्लू आणि शेवटीं पुरा वाढलेला बेडूक. या चार चित्रांत बाप कोठेंच नसतो. आई अंडीं घालून निघून जाते आणि पोरांचें जें व्हायचें तें होतें. आपल्या डबक्यांतल्या बहुतेक बेडकांपुरतें हें यथार्थ आहे. परंतु मी आज ज्या बेडकाविषयीं बोलणार आहें, त्याच्या घरची रीत अगदीं निराळी होती.

उत्तर आणि दक्षिण अमेरिका यांना जोडणारी जी भूमीची चिंचोळी पट्टी आहे, तिच्यावर पनामा हा देश वसला आहे. जहाजें इकडच्या महासागरांतून तिकडे जावींत म्हणून १९१४ सालीं जो कालवा खुला झाला, त्यामुळें त्याचें नांव आपल्या परिचयाचें आहे. या कालव्याच्या पश्चिमेस एल वाये दे आन्तोन नांवाचें गांव आहे. एका विझालेल्या ज्वालामुखीच्या मुखांतच तें वसलेलें असून भोंवतालीं डोंगर आणि डोंगरांवर दाट पर्जन्यारण्य आहे. त्या अरण्यांत समुद्रसपाटीपासून सुमारें ९०० ते ११५० मीटर उंचीच्या पट्ट्यांत, उंच झाडांच्या शेंड्यांवर, हा बेडूक राहत असे.

आकारानें तो चांगला थोराड. मोठ्यांत मोठा बेडूक नाकापासून ढुंगणापर्यंत दहा सेंटिमीटर, म्हणजे चार इंच भरे. रंग झाडाच्या सालीसारखा तपकिरी, ठिपक्याठिपक्यांचा. त्याचे पंजे मात्र अंगाच्या मानानें प्रचंड होते. बोटांमध्यें रुंद पडदे आणि हातापायांच्या कडेला कातडीची झालर. झाडावरून उडी टाकल्यावर तो हे चारही पंजे पूर्ण पसरी आणि त्यांच्यावर हवा तोलून धरून तरंगत खालीं येई. पक्ष्यासारखें पंख मारणें यांत नाहीं. सुताराच्या हातून सुटलेली फळी आणि वाऱ्यावर आलेलें पान यांत जो फरक, तोच साध्या बेडकाच्या पडण्यांत आणि याच्या उतरण्यांत होता.

पण याचें खरें नवल होतें तें याच्या संसारांत. अरण्यांतल्या जुन्या झाडांना ढोली असतात आणि पावसाचें पाणी त्यांत सांचून राहतें. नर अशी एखादी ढोली धरून बसे आणि रात्रीं तिच्यांतून मादीला हांक घाली. मादी येई, पाण्याच्या किंचित् वर, ढोलीच्या आंतल्या लाकडाला चिकटवून ६० पासून २०० पर्यंत अंडीं घाली आणि निघून जाई. बाप मागें राही. अंड्यांतून बाहेर पडलेले बेडूकमासे खालच्या पाण्यांत उतरत. आतां श्रोतेहो, ढोलींतलें पाणी म्हणजे डबकें नव्हे. डबक्यांत शेवाळ असतें, कुजका पाला असतो. ढोलींतल्या ओंजळभर पाण्यांत शेंदीडशें पोरांनीं खावें काय? त्यांनीं बापालाच खावें, अशी व्यवस्था निसर्गानें केली होती. बाप उलट्या पावलीं सरकत त्या पाण्यांत उतरे आणि बेडूकमासे त्याच्या कातडीचे बारीक कण खरवडून खात. बापाला त्यापासून अपाय होत नसे. कातडी पुन्हां येई.

आईनें पोरांना असें अंगावर पोसल्याचीं उदाहरणें या प्राणिवर्गांत आहेत. केनियांत बेडकाच्या कुळाला जवळचा, पण गांडुळासारखा दिसणारा एक बिनपायांचा प्राणी आहे. त्याचीं पिल्लें आईची कातडी सोलून खातात, असें २००६ सालीं प्रसिद्ध झालें. मध्य अमेरिकेंतल्या कांहीं विषारी बेडक्या आपल्या पिल्लांना खाण्यासाठीं मुद्दाम निर्जीव अंडीं घालतात. पण बेडकाच्या बापानें स्वतःच्या अंगावर पोरें पोसावींत, असें दुसरें उदाहरण सबंध जगांत कोठें नोंदलेलें नाहीं.

आणि याच कातडीच्या वाटेनें त्याचा मृत्यु आला.

बेडकाची कातडी म्हणजे आपल्यासारखें नुसतें अंगाचें वेष्टण नव्हे. बेडूक तोंडानें पाणी पीत नाहीं. तो कातडीनें पाणी घेतो. श्वासाचा पुष्कळसा भागही त्याच कातडीवर चालतो, आणि अंगांतले क्षार जेवढ्यास तेवढे राखण्याचें कामही तीच करते. बेडकांच्या याच कातडीवर वाढणारी एक सूक्ष्म बुरशी आहे. १९९८ सालीं ती प्रथम उजेडांत आली आणि १९९९ सालीं तिचें शास्त्रीय नामकरण झालें. बॅट्राकोकायट्रियम डेंड्रोबाटिडिस हें तें नांव मी एकदांच उच्चारतों. पुढें तिला आपण बुरशीच म्हणूं. तिचीं बीजें पाण्यांतून पोहत जातात आणि बेडकाच्या कातडीला भिडतात. मग कातडी जाड होते, सोडियम आणि पोटॅशियम या क्षारांचें रक्तांतलें प्रमाण घसरतें, आणि शेवटीं हृदय बंद पडून बेडूक मरतो. तिच्या वागण्यांत आणखी एक दगा आहे. ज्या केराटिनयुक्त पेशींवर ती वाढते, त्या बेडूकमाशांच्या केवळ तोंडाशीं असतात. त्यामुळें पिल्लें वांचतात, पाण्यांत तिचा प्रसार करीत राहतात आणि बेडूक झालीं कीं मरतात. तिला थंडावा मानवतो, म्हणून डोंगरावरच्या अरण्यांत तिनें अधिक कहर केला.

ही बुरशी मूळची पूर्व आशियांतली, असा निष्कर्ष २०१८ सालीं शास्त्रज्ञांनीं काढला. तेथल्या बेडकांच्या अंगीं ती जुनी होऊन मुरली होती. विसाव्या शतकांत प्रयोगशाळांकरितां, हौसेकरितां आणि खाण्याकरितां बेडकांचा व्यापार वाढला आणि जहाजांतून, विमानांतून ती देशोदेशीं गेली. या व्यापारांत आपणही होतों. आपल्या देशांतून बेडकांच्या तंगड्या परदेशीं जात असत, ती निर्यात १९८७ सालीं बंद झाली. जेथील बेडकांच्या पूर्वजांनीं ही बुरशी कधीं पाहिली नव्हती, तेथें काय झालें हें आंकडे सांगतात. २०१९ सालीं झालेल्या गणतीप्रमाणें निदान ५०१ जातींची संख्या या रोगानें घटली, आणि त्यांपैकीं ९० जाती नामशेष झाल्या असाव्यात.

मध्य अमेरिकेंत ही साथ वणव्यासारखी एका दिशेनें सरकत गेली, पश्चिमेकडून पूर्वेकडे. कॅरन लिप्स या अमेरिकन विदुषीनें तिचा माग काढला. १९९६-९७ मध्यें पश्चिम पनामांत बेडूक मेले. ही वाट पाहून तिनें पुढचें ठिकाण हेरलें आणि एल कोपे येथील अरण्यांत साथ येण्यापूर्वींच मोजदाद सुरू केली. २००४ च्या अखेरीस साथ तेथें आली. ओढ्याकांठीं मेलेले बेडूक पडलेले आढळूं लागले आणि कांहीं महिन्यांत अरण्य मुकें झालें. पुढें हिशेब झाला तेव्हां ७४ जातींपैकीं ३० जाती तेथून नाहींशा झाल्या होत्या. त्या तिसांतल्या पांच जातींना शास्त्रांत नांवसुद्धां नव्हतें. सांठवून ठेवलेल्या नमुन्यांची अनुवंशिक परीक्षा केल्यावर, या वेगळ्या जाती होत्या, हें मागाहून कळलें. घरांत कोण राहत होतें याची नोंद घर जळाल्यावर राखेंतून करावी, तसा हा प्रकार.

एल कोपेच्या पूर्वेस पुढें एल वाये. म्हणजे आपल्या वृक्षमंडूकाच्या दारांत मृत्यु केव्हां येणार हें जवळजवळ ठाऊक होतें. थांबविण्याचा उपाय कोणापाशींच नव्हता. तेव्हां अमेरिकेंतील अटलांटा शहरचें वनस्पति-उद्यान आणि तेथीलच प्राणिसंग्रहालय यांनीं एक विचार केला. जोसेफ मेंडेल्सन आणि रॉन गॅग्लिआर्डो हे त्यांतले प्रमुख. साथ येण्यापूर्वीं त्या अरण्यांत शिरावें, मिळतील तितक्या जातींचे बेडूक धरावेत आणि बंद खोल्यांत त्यांचा वंश टिकवावा. २००५ सालीं त्यांनीं हें काम केलें. इतर बेडकांबरोबर आपल्या हकीकतींतले कांहीं मोठ्या पंज्यांचे बेडूकही हातीं लागले आणि अटलांटास गेले. दुसऱ्याच वर्षीं, २००६ मध्यें, बुरशी एल वाये येथें पोंचली. गांवांत बेडकांसाठीं घर बांधण्याचें काम पुरें झालें नव्हतें. तेव्हां एडगार्डो ग्रिफिथ आणि हायडी रॉस या दांपत्यानें तेथल्या एका हॉटेलांत बेडकांना आश्रय मिळवून दिला. प्रवाशांच्या खोल्यांत डबे मांडून बेडकांची शुश्रूषा चालली होती! हंसूं येण्यासारखी गोष्ट आहे खरी, पण पनामाचें राष्ट्रीय भूषण मानलेला सोनेरी बेडूक, जो अरण्यांत दिसेनासा झाला, तो मनुष्याच्या आश्रयानें अद्याप जगतो आहे, तो अशाच खटाटोपामुळें.

मोठ्या पंज्यांच्या बेडकाचें नशीब तेवढें नव्हतें. २००७ सालीं अरण्यांत एका नराची हांक ऐकूं आली, त्यानंतर नाहीं. आणि हा बेडूक शास्त्राला अपरिचित अशी नवी जाति आहे, असें जाहीर करणारा निबंध प्रसिद्ध झाला २००८ सालीं. बारसें झालें तेव्हां पाळण्यांत कोणी उरलें नव्हतें. नांव ठेवलें एक्नोमियोहायला रॅबोरम. पहिल्या शब्दांत ‘विलक्षण’ या अर्थाचा ग्रीक शब्द आहे, आणि दुसरा लॅटिनमधली षष्ठी विभक्ति, अनेकवचन, ‘रॅबांचा’. उभयचर प्राण्यांच्या रक्षणासाठीं झटलेले जॉर्ज रॅब आणि त्यांची पत्नी मेरी या दोघांच्या सन्मानार्थ तें दिलें.

अटलांटांत त्यांचा वंश वाढला नाहीं. प्रयत्न झाले, ते फळले नाहींत. शेवटची मादी २००९ सालीं मेली. मग दोन नर राहिले. एक प्राणिसंग्रहालयांत, दुसरा वनस्पति-उद्यानांत. प्राणिसंग्रहालयांतल्या नराची प्रकृति ढांसळूं लागली तेव्हां १७ फेब्रुवारी २०१२ रोजीं त्याला वेदना न होतां मरण देण्यांत आलें. तो रात्रीं आपोआप मरून सकाळीं सांपडला असता, तर देह कुजून अनुवंशिक द्रव्य वांया गेलें असतें. तें ताजें मिळावें म्हणून हें केलें. बुद्धीला हें पटतें. तरी जगांत दोनच उरले असतां त्यांतल्या एकाला स्वतःच्या हातानें झोंपविणाऱ्या वैद्याच्या मनाची कल्पना मला करवत नाहीं.

आतां एक राहिला. उद्यानांतील एका सेवकाच्या लहान मुलानें त्याला ‘टफी’ असें नांव दिलें होतें. आपण ‘चिवट्या’ म्हणूं. बाहेरची बुरशी आंत येऊं नये म्हणून त्याला वेगळ्या बंद खोलींत ठेवलें होतें. वर्षानुवर्षें तो बोलला नाहीं. २००५ पासून त्याचा आवाज तेथें कोणीं ऐकला नव्हता. आणि १५ डिसेंबर २०१४ रोजीं मार्क मँडिका या त्याच्या रक्षकाला त्याची हांक ऐकूं आली. त्यांनीं ती यंत्रावर टिपून घेतली. ढोलींतून मादीला बोलाविण्याची तीच हांक. मंडूकसूक्ताच्या कवीनें जें पाहिलें होतें, एकाचें बोलणें दुसऱ्यानें उचलावें, तें येथें घडणें शक्यच नव्हतें. ती भाषा जाणणारा दुसरा कोणी पृथ्वीवर असल्याचें ठाऊक नव्हतें. बेडकाला आपण शेवटचे आहोंत हें कळत असेल, असें मी म्हणत नाहीं. त्याला दुःख झालें, असेंही म्हणत नाहीं. पण ऐकणाराला काय वाटलें असेल, हें आपणांस सांगण्याची गरज नाहीं.

पुढें या चिवट्याची कीर्ति पसरली. त्याच्यावर चित्रपटांत प्रसंग घेतला गेला; २०१५ सालीं रोममधील सेंट पीटरच्या मंदिराच्या भिंतीवर प्रकाशचित्रें दाखविलीं गेलीं, त्यांत त्याचीही मूर्ति झळकली. कीर्तीचा त्याला उपयोग नव्हता. पण ज्या बेडकाला २००८ पर्यंत नांव नव्हतें त्याला निदान साक्षीदार मिळाले.

असल्या खटाटोपावर एक आक्षेप नेहमीं येतो. अरण्यांतला जीव कांचेच्या पेटींत नेऊन एकटा मारला, त्यापेक्षां आपल्या रानांत मेला असता तर काय बिघडलें असतें? हा आक्षेप दयेपोटीं येतो, म्हणून त्याची थट्टा करूं नये. पण मागें राहिलेल्यांचें काय झालें तें पाहावें. ते बुरशीनें मेले, ढोलींत मेले, आणि कोणी पाहिले नाहींत. बाप पाण्यांत उतरून पोरांना कातडी देतो, हें त्या दोनतीन वर्षांत कोणी जवळ जाऊन पाहिलें म्हणून आज मी तें आपणांस सांगूं शकतों. एल कोपेच्या त्या पांच अनाम जातींविषयीं असें कांहींच सांगतां येत नाहीं. त्यांच्या घरची रीत काय होती? त्यांतही कोणी असा बाप होता काय? तज्ज्ञ धांवले ते उशिरा धांवले, हें खरें. पण धांवले नसते तर आपल्याला उशीर झाला हेंसुद्धां समजलें नसतें. माझें मत त्यांच्या बाजूनें आहे.

आपल्या सह्याद्रींत काय, असा प्रश्न आपल्या मनांत आला असेल. पश्चिम घाटांतील बेडकांच्या अंगावर ही बुरशी आढळल्याचें २०११ सालीं प्रसिद्ध झालें; २०१३ सालीं उत्तर घाटांतल्या, म्हणजे आपल्या महाराष्ट्राकडच्या, बेडकांवरही ती असल्याचें निबंधरूपानें पुढें आलें. सुदैवानें आपल्याकडे त्यापासून मोठा संहार झाल्याची नोंद नाहीं. आपल्याकडचा तिचा वाण मुख्यत्वें आशियांतला आहे, आणि येथल्या बेडकांचा व तिचा परिचय जुना असावा असें दिसतें. आंबोलीच्या पावसांत हिरवागार उडता बेडूक पाण्यावर झुकलेल्या फांदीला फेंसाचें घरटें बांधतो. तोही पंजे पसरून तरंगत उतरणारा. तो अजून पाहावयास मिळतो. पावसाळ्यांत त्या बाजूला जाणारांनीं रात्रीं विजेरी घेऊन जरा थांबावें. मात्र त्याला हातांत धरण्याचा मोह आवरावा, कारण हातांवरून आणि बुटांवरून काय काय प्रवास करतें तें आपण आतां ऐकलेंच आहे.

पनामांतही सगळाच काळोख नाहीं. कांहीं जाती अरण्यांत पुन्हां दिसूं लागल्या असून, बुरशी सौम्य झाली नाहीं, बेडकांच्याच कातडीचा रस तिला अधिक तोंड देऊं लागला आहे, असें २०१८ सालीं एका संशोधनांत दाखविण्यांत आलें. ज्या कातडीच्या वाटेनें मरण आलें, तिनेंच कांहींजणांना तारलें. हें मोठ्या पंज्यांच्या बेडकाच्या वांट्याला आल्याचा पुरावा नाहीं.

२६ सप्टेंबर २०१६ रोजीं सकाळीं चिवट्या आपल्या पेटींत मेलेला आढळला. धरला तेव्हांच तो पुरा वाढलेला होता; म्हणजे निदान बारा वर्षांचें आयुष्य त्याला लाभलें असावें. त्याची हांक टिपलेली आहे, ती कोणालाही ऐकतां येते. एल वायेच्या डोंगरांत पाऊस पूर्वींसारखाच पडतो आणि झाडांच्या ढोलींत पाणी सांचतें. त्या ढोली फार उंच असतात. आंत कोणी आहे कीं नाहीं हें खालून दिसत नाहीं. रात्रीं झाडाखालीं उभें राहून कान द्यावा लागतो. २००७ नंतर तेथून ती हांक कोणाला ऐकूं आल्याची नोंद नाहीं.